घर बंद

पोस्टमननं तीस वर्षांत हजारो पाकिटं परत पाठवली असतील. परत जाणाऱ्या पाकिटावर हातानं कारण लिहायचं: पत्ता अपुरा, घर बंद, मयत. त्याचं अक्षर इतकं देखणं, की छाननीच्या टेबलावरच्या बाई म्हणायच्या, "भाऊ, तुमच्या हातचं 'मयत' वाचून मेलेला माणूससुद्धा खूश व्हायचा!"

सोमवारी त्याच्या थैलीत बायकोचा पासपोर्ट आला. तिला जाऊन महिना झाला होता.

अर्ज तिनंच केलेला. लेक परदेशात, नातू रोज फोनवर. "मुका घ्यायचा नातवाचा आणि पुसत बसायची काच! कंटाळा आला बाई," म्हणत ती केसांना कलप लावून फोटो काढायला गेली होती.

पासपोर्ट ज्याचा त्याच्याच हातात द्यायचा. सात दिवसांत जमलं नाही, तर पाकीट परत. तोवर रोजचं कारण हातातल्या यंत्रात टाकायचं. त्यानं टाकलं, 'घर बंद'.

मंगळवारी तेच. बुधवारी बाई म्हणाल्या, "अहो, चावी तुमच्या कमरेला, आणि घर बंद कसं?"

"बंदच असतं हो. मी इथे असतो ना."

बाई हसायला गेल्या आणि थांबल्या.

संध्याकाळी तो कुलूप काढायचा, एक कप चहा टाकायचा. तिचा फोन तो अजून चार्ज करून ठेवायचा. का, ते त्याला विचारू नका. त्यावर मेसेज असायचा: 'घर बंद असल्याने टपाल देता आले नाही. उद्या पुन्हा येऊ.' स्वतःच टाकलेलं, स्वतःच्याच घरी, स्वतःच्या आधी पोचलेलं. इतकं झटपट टपाल त्यानं उभ्या आयुष्यात वाटलं नव्हतं.

मुदत संपली त्या दिवशी बाईंनी हात पुढे केला. "द्या इकडे भाऊ, मी लिहिते."

"बीट माझी आहे, या भागातलं टपाल माझ्याकडेच," तो म्हणाला.

त्यानं लिहिलं, यंत्रातही टाकलं. अक्षर नेहमीसारखंच झोकात आलं. मग थैली उचलून तो वीजबिलं वाटायला निघाला.

संध्याकाळी तिचा फोन वाजला. 'आपले टपाल परत पाठवले आहे. कारण: मयत. गैरसोयीबद्दल क्षमस्व.'

'उद्या पुन्हा येऊ' खाली कुठे आहे का, म्हणून त्यानं अंगठ्यानं मेसेज वर सरकवला. नव्हतं. त्यानं फोन चार्जिंगला लावला.