पांढुर्ण्याची भजी आणि पक्ष्यांच्या चोची

माझी भाची ऋचा पांढुर्ण्याला अकरावीत शिकते. ‘एका जातीतून अनेक जाती कशा निर्माण होतात’ हा विषय तिने जीवशास्त्राचा मास्तर असलेल्या माझ्याच भरवशावर शाळेच्या विज्ञान प्रदर्शनासाठी घेतला. प्रदर्शनाला एक दिवस उरला असता तिचा फोन आला, “मामा, मले काहीच समजून नाही राहिलं.” मी चाळीस पानी टिपणे घेऊन निघालो.

नागपूरहून इटारसीकडे जाणारी पॅसेंजर सोयीची आहे. मात्र नरखेडनंतर जागे राहावे. मी टिपणे वाचता वाचता झोपलो, थेट पुढच्या स्टेशनावर, तिगावला उतरलो आणि ऑटोने मागे आलो.

“मामा, बोलाले तीनच मिनिटं भेटते,” ऋचाने पानांकडे पाहून सांगितले.

तेव्हा तिला प्रत्यक्ष दाखवावे म्हणून कलेक्टर ऑफिसच्या रस्त्यावर नेले. जिल्हा होण्यापूर्वी येथे डोमाजीकाकांची एकच भज्यांची गाडी होती. आता त्यांचा एक मुलगा चहा विकतो, दुसरा झेरॉक्स काढतो, तिसरा सौसरहून कामासाठी येणाऱ्यांना जेवण देतो.

“असेच एखादे रिकामे बेट असते,” मी सुरुवात केली. “बिया, किडे, फळे विपुल, स्पर्धक नाहीत. पक्ष्यांची एकच जात तेथे पोहोचते. संधी पाहून पक्षी चोची बदलतात आणि कालांतराने वेगवेगळ्या जाती होतात. हेच अनुकूली प्रसरण.”

डोमाजीकाकांनी झारा थांबवला. “मास्तर, माह्या पोरानं महिनाभर इचार करून झेरॉक्सची मशीन आणली. पाखरानं चोचीचा इचार कवा केला?”

मी सतरावे पान शोधू लागलो.

“माह्यं इथंच तं अडून राहिलं होतं!” ऋचा ओरडली. “काका, कोणी इचार नाही केला. काहींची चोच जन्मतःच जराशी जाड होती. कडक बी त्यांनाच फुटलं. ते जगले, त्यांचीच पिल्लं वाढली. असं हजारो पिढ्या.”

“मंग मास्तर काय सांगून राहिले होते?”

मी भजी खाऊ लागलो.

दुसऱ्या दिवशी ऋचाने काकांच्या गाडीचे उदाहरण सांगितल्यावर परीक्षकांनी नेमका काकांचाच प्रश्न विचारला. ऋचाने कागदाकडे न पाहता उत्तर दिले आणि पुढे जोडले, “वेगळ्या जाती झाल्या की सहसा आपसांत पिल्लं होत नाहीत. काकांची मुलं अजून एकाच घरी जेवतात. म्हणून हे उदाहरण इथंच संपतं.” परीक्षक हसले, आणि पुढच्या टेबलाकडे जायचे विसरून तिला आणखी प्रश्न विचारत राहिले.

नागपूरला परतल्यावर सतरावे पान सापडले. ‘संधी पाहून पक्ष्यांनी चोची बदलल्या.’ वीस वर्षे हेच वाक्य मी वर्गात लिहून देत आलो. ते खोडून ऋचाचे उत्तर उतरवले. खाली संदर्भ द्यायची शिस्त आहे, म्हणून लिहिले: डोमाजीकाकांची गाडी, भजी वीस रुपये प्लेट.