कुंडीतला भिया

मी कुठलीही वस्तू सांगितलेल्या भावात घेतलेली नाही. इंदूरला सांवेर रोडवर खोकी बनवायचा माझा छोटा कारखाना आहे, तोही असाच उभा राहिला. शेडचा मालक, कागदवाला, मशीनवाला, सगळ्यांशी भांडून. भाव ठरला की मी उठते, दारापर्यंत जाते आणि वळून विचारते, "अच्छा, ऊपर से क्या दोगे?" हे वरून मिळालेलं मला मूळ मालापेक्षा गोड लागतं.

भिया आमच्याकडे असाच वरून आला.

अन्नपूर्णा मंदिराजवळच्या एका नर्सरीतून मी मातीची मोठी कुंडी घेतली आणि वरून दोन घमेली माती मागितली. घरी गॅलरीत कुंडी ठेवली तर मातीतून दोन डोळे माझ्याकडे बघत होते. डोळ्यांखाली बेडूक होता. गोल, बुटका, लाडू वळता वळता सोडून दिल्यासारखा. पाठीवर फिकट रेघ आणि डाव्या डोळ्याखाली पांढरा ठिपका.

मी तशीच स्कूटरवरून परत गेले आणि नर्सरीवाल्याला सुनावलं की तुमच्या मालात मेंढक निघाला. तो झारीने रोपांना पाणी घालत होता. थांबलासुद्धा नाही.

"दीदी, मिट्टी तो आपने ऊपर से मांगी थी," तो म्हणाला. "ऊपर का वापस नहीं होता."

घरी आले, कुंडीसमोर उभी राहिले आणि म्हटलं, "चलो भिया, रहो." तेव्हापासून तो भिया, इंदूरात भैयाला म्हणतात तसा. पावसाळ्याचे दिवस होते. गॅलरीतल्या दिव्याखाली किडे पडायचे, ते खाऊन भिया जाड झाला. कुंडीला ना झाकण ना जाळी. पाहिजे तेव्हा जाऊ शकत होता, गेला नाही. हे मी येणाऱ्याजाणाऱ्याला मुद्दाम सांगायचे, कारण मला दादाचा राग होता.

दादा म्हणजे माझा मोठा भाऊ. आजोबा फौजेत, दादा फौजेत, महूला घर, पेन्शन, मिशी. त्याच्या मुलीच्या लग्नात, सगळ्या नातेवाइकांसमोर, हातात जिलबी घेऊन तो म्हणाला होता, "हिच्याजवळ माणूस टिकत नाही." तेव्हा माझे दोन सुपरवायझर पाठोपाठ सोडून गेले होते, हे खरं. पण जिलबी खाता खाता बोलायची ती गोष्ट होती का? लोक हसले. मी तेव्हापासून तो हशा जपून ठेवला होता.

दिवाळीनंतर थंडी पडली आणि एका सकाळी भिया उलटा चालायला लागला. म्हणजे तोंड माझ्याकडे, आणि मागच्या पायांनी माती उकरत तो आपला बुडाकडून खाली खाली. लिफ्टमध्ये उभा असलेला माणूस खाली जावा तसा, ऐटीत. शेवटी दोन डोळे उरले, तेही मिटले, आणि वर नुसती माती.

माझे मिस्टर शाळेत गणित शिकवतात आणि घरात कमी बोलतात. त्यांनी मोबाईलवर बरंच वाचून काढलं आणि सांगितलं की तो आता झोपला, पावसाळ्यापर्यंत खाणार नाही, पिणार नाही, श्वासही जेमतेम घेईल. कुंडी सावलीत ठेवायची, माती दगडासारखी वाळू द्यायची नाही, चिखलही करायचा नाही.

"आणि खणायचं नाही," ते म्हणाले. "बघायलासुद्धा नाही."

आता माझं कसं आहे, गोदामात आलेला माल मी हात लावून बघते. रोज बघते. चावी माझ्याकडेच असते. आणि इथे माझ्याच गॅलरीत, माझ्याच कुंडीत माझा माल पडलेला, आणि तो जिवंत आहे की मेलाय हे बघायची मला मनाई! मी चमचा घेऊन कितीदा तरी गॅलरीत गेले. मिस्टर पेपरातून डोकं वर न काढता म्हणायचे, "चमचा ठेव."

अशाच एका रविवारी दादा आला. मी मोकळ्या कुंडीसमोर स्टुलावर बसलेली. त्याला भियाची हकीकत कळली तेव्हा तो मिशीतल्या मिशीत हसला.

"मेला असेल," तो म्हणाला. "तुझ्याजवळ माणूस टिकत नाही, बेडूक काय टिकणार."

झालं. मी स्टुलावरून उठले. मी म्हटलं, जिवंत वर आला तर आषाढ पौर्णिमेला, सगळे माझ्याकडे जेवायला असतील तेव्हा, लग्नातलं वाक्य परत घ्यायचं. दादा म्हणाला, घेईन, कानात सांगेन. मी म्हटलं, पंगतीत, उभं राहून. तो म्हणाला, गुडघे दुखतात, बसून, आणि हळू. मी दारापर्यंत जाऊन वळले.

"बसून, पण मोठ्याने."

"ठीक," दादा म्हणाला. "बसून, मोठ्याने. आणि नाही आला तर तू लग्नातल्या लोकांसारखं स्वतःवर हसायचं."

त्या दिवसापासून त्या मातीत माझी अब्रू पुरलेली होती. हिवाळाभर मी कुंडीवर खापराचा तुकडा आडवा ठेवला, बोटाने मातीचा ओलावा बघितला, कडेकडेने चमचाभर पाणी सोडलं. तोच चमचा, पण आता शहाणा झालेला. घासाघिशीत समोरचा गप्प झाला तर आपण त्याच्याहून गप्प बसायचं, जो आधी बोलला तो हरला. मी भियाशी असंच धरून बसले. तो फार पोहोचलेला व्यापारी निघाला. मिस्टर म्हणायचे, विहारातले भंतेजी पावसात एका जागी राहतात, याचा वर्षावास कोरड्या दिवसांत, एवढाच फरक.

मग मेअखेरचा नऊ दिवस भाजून काढणारा नौतपा आला आणि माझ्या स्वभावाने घात केला. कूलरचं जास्तीचं पाणी पाइपातून मोरीत जातं हे मला बघवेना. फुकटचं पाणी! मी पाइप वळवून मोगऱ्याच्या कुंडीत सोडला. दुपारी तो घसरून भियाच्या कुंडीत पडला, आणि आम्ही दोघं आत गार हवेत ढाराढूर.

संध्याकाळी बघते तर कुंडीत खीर झालेली, आणि त्यात दोन डोळे.

भिया जिवंत होता, पण पावसाच्या आधीच वर आला होता. लाडवाची पुरी झाली होती. कातडं लोंबत होतं, अंगावर मातीचा पापुद्रा. मिस्टरांनी कूलर बंद केला आणि भराभर सांगितलं, बशीत शिळं पाणी दे, बादलीत रात्रभर ठेवलेलं, नळाचं नको. कुंडी आतल्या खोलीत घे. आणि त्याला खायला पाहिजे, जिवंत. भिया बशीत बसला, बुडाने पाणी प्यायल्यासारखा फुगला, आणि जुनी कात ओढून स्वतःच खाऊन टाकली. काही वाया घालवायचं नाही, हा गुण त्याने आमच्या घरात उचलला असणार.

पण किडे? भर नौतप्यात, इंदूरमध्ये? या शहराने झाडूनपुसून ठेवलेल्या रस्त्यावर मी वाकून वाकून किडे शोधले. सोसायटीत नुकतीच फवारणी झालेली. शेवटी किराणावाल्याकडे गेले. याच माणसाशी मी रव्यातल्या अळ्यांवरून वर्षानुवर्षं भांडत आले होते. मी म्हटलं, भियाजी, अळ्यावाला रवा द्या.

त्याचा चेहरा लाल झाला. "हमारे यहां कीड़े नहीं निकलते, मैडमजी."

"पिछले साल तो निकले थे."

"आपने ही तो बोल-बोल के बंद करवाए."

माझ्या भांडणाचं फळ असं माझ्याच आडवं आलं. दुसऱ्या दिवशी कारखाना उघडून दिला आणि स्कूटर तशीच पुढे सांवेरकडे हाणली. एका शेताच्या कडेला खताचा खड्डा दिसला, तिथे शेतकरीण शेण टाकत होती. मी गांडुळं मागितली. कशाला, तर बेडकाला, म्हटल्यावर ती शेणाच्या हाताने तोंड झाकून हसायला लागली. हसता हसता डबा भरून दिला. मी भाव विचारला, तर नुसता हात हलवून नको म्हणाली. मी ओशाळले. फुकट देणाऱ्याशी घासाघीस कशी करायची, हे मला कुणी शिकवलंच नव्हतं.

भियाने गांडुळाकडे बघितलं आणि तोंड फिरवलं. रात्रभर तसाच. मी समोर स्टुलावर. सकाळी मिस्टर चहा घेऊन आले तेव्हा भिया एक पाऊल पुढे आला, मान तिरकी केली, आणि गप्पकन. अर्धं गांडूळ बाहेर वळवळत होतं, ते त्याने दोन्ही हातांनी तोंडात कोंबलं, लग्नात जिलबी कोंबतात तसं. मी मिस्टरांचा चहा सांडेपर्यंत नाचले.

आषाढ पौर्णिमेपर्यंत भिया पुन्हा लाडू झाला. बुद्धवंदना झाली, खीर वाढली, सगळे पंगतीत बसले. मी कुंडी उचलून दादाच्या ताटासमोर आणून ठेवली. दादा वाकून बघत राहिला.

"हा तोच कशावरून? पावसात बेडूक कुठलाही मिळतो."

मी याचीच वाट बघत होते. मी मोबाईलमधला जुना फोटो काढला. पाठीवरची रेघ, डाव्या डोळ्याखालचा ठिपका. दादाने चष्मा लावून आधी फोटो बघितला, मग भियाला, मग पुन्हा फोटो. भियाने गळा हलवला आणि त्याच्याकडे टक लावली. गप्प बसण्यात आमच्या घराण्यातलं कुणी त्याला हरवू शकलं नसतं.

ठरल्याप्रमाणे दादाने बसून बोलायचं होतं. त्याने खिरीची वाटी बाजूला ठेवली, एक हात जमिनीवर टेकला, गुडघा धरला, आणि उभा राहिला. पूर्ण, ताठ, परेडला राहतात तसा.

"लग्नात मी चुकीचं बोललो होतो," तो म्हणाला. "हिच्याजवळ टिकतं."

कुणी हसलं नाही. माझ्या हातातलं खिरीचं पातेलं तिरकं झालं होतं, ते मिस्टरांनी सरळ केलं. उभं राहणं सौद्यात नव्हतं. ते त्याने वरून दिलं होतं, मी न मागता.

मी त्याची वाटी उचलली, काठोकाठ भरली आणि म्हटलं, "आता बस. गुडघे दुखतील."

तो बसला. बोलताना त्याचा आवाज मात्र थोडा कमी होता, ठरला होता तेवढा मोठा नव्हता. ते मी त्याला पुढच्या रविवारी सांगणार आहे.