आईच्या पोटदुखीचं कारण

आज शेजारीण लाल मिरच्या भाजत होती. मला ठसका लागला आणि आईच्या अल्सरचे दिवस आठवले. खालापूरजवळच्या आमच्या गावात त्याचं कारण कधीच ठरून गेलं होतं: तिखट आणि तिचा राग. आमचे जुने डॉक्टरही तेच सांगायचे. आईने आवाज चढवला की आत्या म्हणायची, "गप ऱ्हा गं, म्हून तर दुखतंय." आई दूधभात गिळायची आणि शब्दही. शेवटी मी तिला कर्जतच्या नव्या डॉक्टरीणबाईंकडे नेलं. तपासून त्या म्हणाल्या, "पोटात जंतू आहेत, त्यांनी अल्सर झालाय. तिखटाचा किंवा रागाचा दोष नाही." आईने विचारलं, "ह्ये तरी पक्कं हाय का?" बाई हसल्या. "आज जेवढं कळलंय त्यावरून सांगते. उद्या नवं काही सापडलं, तर तेही सांगेन." औषधांनी दुखणं थांबलं. पुढे एकदा वडील आणि आत्या घरामागचं शेत विकायचं ठरवत होते. आई मध्येच म्हणाली, "नाय इकायचं." आत्याने लगेच बजावलं, "चिडू नको गं, पोट दुखंल." आई ताठ बसली. "जंतू मेले. राग हाय अजून. शेत इकायचं नाय." शेत आजही आमचंच आहे. मला मात्र तेव्हापासून, 'हे कायमचं ठरलंय' म्हणणाऱ्यांची चीड येते, आणि ती मी तोंडावर बोलून दाखवते.