तासभर न हलता

ज्याला मी हाताला धरून काम शिकवलं तोच माझा मॅनेजर झाला, त्या वर्षी मी ध्यानाला जायला लागलो. स्प्रिंगफील्ड लेक्समध्ये घराजवळच्या कम्युनिटी हॉलमध्ये एक वयस्कर श्रीलंकन भंते दर रविवारी सकाळी ध्यान शिकवायचे. आम्ही पंधरा-वीस जण असू. सहा महिन्यांत मी तासभर न हलता बसायला लागलो. तेवढं दुसऱ्या कोणाला जमत नाही, हे मी मधूनच डोळे किलकिले करून पाहून ठेवलं होतं.

मे महिन्यात एक मावशी यायला लागल्या. नागपूरच्या, मुलीकडे राहायला आलेल्या. त्यांना सारखा खोकला यायचा. दोन रविवार मी सहन केलं. तिसऱ्या रविवारी चहाच्या वेळी त्यांना गाठलं.

"मावशी, इतका खोकला असेल तर बाहेर बसत जा ना. सगळ्यांचं ध्यान मोडतं."

खरं तर बाकी कोणी काहीच म्हटलं नव्हतं.

"हो भाऊ, चुकलंच माझं," त्या म्हणाल्या.

पुढच्या रविवारपासून त्या व्हरांड्यात प्लास्टिकच्या खुर्चीवर शाल लपेटून बसू लागल्या. जूनची थंडी होती; इथे जून-जुलैत हिवाळा असतो. काचेतून त्यांची पाठ दिसायची. माझं ध्यान छान लागायचं.

जुलैत त्या यायच्या बंद झाल्या. भंतेंना विचारलं, तेव्हा कळलं की त्यांची फुफ्फुसं निकामी होत चालली आहेत आणि त्या हॉस्पिटलात आहेत. त्याच दुपारी मी गेलो.

त्यांच्या नाकाला ऑक्सिजनची नळी होती, शेजारी मुलगी बसली होती. मी माफी मागायला सुरुवात केली आणि बोलतच राहिलो. माझी नोकरी, झालेला अपमान, मला शांततेची किती गरज होती ते.

"किती बोलता भाऊ तुम्ही," त्या धापा टाकत म्हणाल्या. "बसा ना जरा."

त्यांनी डोळे मिटले. मीही मिटले. पण यांनी मला माफ केलं की नाही, एवढंच डोक्यात फिरत राहिलं. डोळे उघडले तेव्हा त्यांना झोप लागली होती.

मुलगी हळू आवाजात म्हणाली, "आई लहानपणापासून ध्यानाला बसते. आमच्या वस्तीतल्या विहारात आजोबांनी शिकवलं तिला."

आठवड्याभरात त्या गेल्या. अंत्यविधीला सगळ्यांनी त्रिशरण म्हटलं. मला येत नव्हतं. कोणाच्या लक्षात येऊ नये म्हणून मी नुसते ओठ हलवले.

पुढे एका बार्बेक्यूला मी हे सगळं एका मित्राला सांगितलं. तो म्हणाला, "यार, किती प्रामाणिक आहेस तू. कोण कबूल करतं असं?"

ऐकून मला आतून गोड वाटलं. ते जाणवलं आणि हातातली प्लेट तशीच ठेवून मी घरी आलो. त्यानंतर कोणालाच सांगितलं नाही. आज लिहितानाही तसं वाटतंय का, ते पाहतोय. थोडं वाटतंय.