भांडायच्या परवानगीचे पेढे

कोल्हापुरात महाराजांच्या अमदानीत एका सावकाराने माझ्यावर कर्जाच्या रोख्याचा दावा लावला. अशा दाव्यात नुसतं ‘खोटं आहे’ म्हणायलाही आधी कोर्टाची परवानगी लागे. ती न मिळाली तर माझं शाहूपुरीतलं दुकान गेलंच. कचेरीबाहेर बसणाऱ्या, बोरू दाढीला पुसणाऱ्या म्हाताऱ्या मुसलमान अर्जनविसाने माझा अर्ज लिहिला. परवानगी मिळताच मी शेरभर पेढे घेऊन नाचतच त्याच्याकडे गेलो.

“जिंकलो की, चाचा!”

त्याने सावकाश पेढा संपवला. “जिकला कुटं, पावणं? नुसती भांडायची परवानगी मिळालीया. भांडायच्या आधी पेढं वाटणारं कोल्हापुरात तुमीच पैलं!”

मी ओशाळून पुडा बांधू लागलो.

“बांधताय कशाला? भांडायला ताकद नगं व्हय?” म्हणत त्याने दुसरा पेढा उचलला आणि दाव्याला उत्तर म्हणून द्यायच्या माझ्या कैफियतीसाठी कोरा कागद पुढे ओढला.