मधले दिवस

गिरणीचा सकाळचा भोंगा झाला की भगवानअण्णा गेटासमोर उभे. अंघोळ केलेली, अंगात धुतलेला खाकी सदरा, हातात फडक्यात बांधलेली भाकरी. वॉचमनला रोज एकच प्रश्न, "कामाला आलोय. घेता का?" वॉचमन मान खाली घालायचा. "अण्णा, आप्पासाहेबांचा हुकूम न्हाय." "बरं. तुमचा काय दोष," असं म्हणून अण्णा समोरच्या माझ्या हॉटेलात यायचे, चहा घ्यायचे आणि तिथून दुष्काळी कामावर खडी फोडायला जायचे. नोकरीवरून काढून टाकलेला माणूस हे रोज करत होता. गड्याचं डोकं फिरलं, असंच मला आधी वाटलं.

भूमकडच्या त्या सहकारी तेलगिरणीत अण्णा गोदाम सांभाळायचे. दुष्काळाची वर्षं होती. कडब्याला सोन्याचा भाव, आणि पेंड तर औषधालाही मिळेना. अशात चेअरमन आप्पासाहेबांच्या मेव्हण्याची ट्रॉली पेंड भरायला आली आणि अण्णांनी पावती मागितली. एवढाच गुन्हा. पुढच्या आठवड्यात गोदामातली पोती कमी भरली म्हणे, आणि पाळी सुटताना सगळ्या कामगारांदेखत अण्णांना चोर म्हणून बाहेर काढलं. चौकशी नाही, नोटीस नाही. नावाला संस्था सभासदांची, पण मर्जी चालायची एकट्याची.

अण्णांच्या दारात साधी शेळी नव्हती. पेंड चोरून माणूस काय स्वतः खाणार होता? हे सगळ्यांना कळत होतं, तरी बोट दाखवणारे निघालेच. अण्णांच्या बायकोला, कौसाबाईंना, आडावर बाया 'पेंडवाली' म्हणू लागल्या. अण्णांना नोकरी गेल्यापेक्षा ते जास्त लागलं. युनियनच्या वकिलानं केस घातली आणि तारखांवर तारखा सुरू झाल्या.

निकाल जवळ आला तसा गिरणीचा मॅनेजर अण्णांच्या घरी आला. मी तिथंच बसलो होतो. मॅनेजर गोड बोलला, "सोमवारपासून कामावर या. फक्त मधल्या काळाचा पगार सोडला, असं लिहून द्या." मीही म्हणालो, "अण्णा, पडतंय ते पदरात पाडून घ्या." घरातली ज्वारी संपत आली होती, हे मला ठाऊक होतं. अण्णांनी कौसाबाईंकडं पाहिलं. त्या चुलीपुढून उठल्यासुद्धा नाहीत. म्हणाल्या, "बिनपगारी परत गेलात तर लोक म्हणतील, चोराला माफ केलं. माफी आपल्याला कशापायी?"

अण्णा हसले. "ऐकलं न्हवं, साहेब? नोकरी तर माझीच हाय. मला मधलं दिवस पायजेत."

मॅनेजर गेल्यावर मी दोघांवर मनसोक्त चिडलो. पण शेवटच्या तारखेला हॉटेल बंद ठेवून एस.टी.नं त्यांच्याबरोबर कोर्टात गेलो, तोही मीच.

गिरणीच्या वकिलानं विचारलं, "तुम्ही मधल्या काळात खडी फोडून पैसे कमावत होता ना?" नाही म्हणा, असं आम्ही सगळ्यांनी अण्णांना पढवलं होतं. अण्णा सरळ म्हणाले, "व्हय, फोडली. पोरांची पोटं काय निकाल लागंस्तोवर थांबणार व्हती?" वकिलाला चेवच चढला. आप्पासाहेबांनी त्याच्याकडं पुष्कळ रडगाणं गायलेलं असणार, कारण तो म्हणाला, "शिवाय साहेब, हा इसम रोज भोंग्याला गेटवर येऊन कामाला घ्या म्हणतो. चेअरमनांना भारी मनस्ताप होतो."

न्यायाधीशांनी पेन खाली ठेवलं. "रोज येत होते?"

"रोज, साहेब. एक दिवस चुकवत नाही."

"आणि तुम्ही रोज परत पाठवत होता?"

माणूस रोज कामाला तयार होता आणि गिरणीच त्याला घेत नव्हती, हे वकिलानं स्वतःच सांगून टाकलं होतं. आपल्या हातानं आपल्याच पायावर धोंडा पाडून घेणं म्हणजे काय, ते मी त्या दिवशी डोळ्यांनी पाहिलं. निकाल लागला: चोरीचा आरोप खोटा, अण्णा कामावर परत, मधला सगळा पगार द्यायचा, आणि खडीच्या तुटपुंज्या मजुरीपायी त्यातला पैसाही कापायचा नाही.

अण्णा जाऊन आता बरीच वर्षं झाली, पण त्यांच्या पगाराचा दिवस मी विसरणार नाही. आप्पासाहेबांनी त्यांना केबिनमध्ये बोलावलं होतं. अण्णांनी निरोप धाडला, "काढलं सगळ्यांपुढं, आता देताना दार कशाला लावता?" आमच्याकडं पगार बाजाराच्या दिवशी खिडकीवर व्हायचा. कॅशियर नाव पुकारायचा आणि ज्याचं त्यानं पुढं व्हायचं. अण्णा रांगेत उभे राहिले, बाजाराला आलेल्या कौसाबाई बाजूला थांबल्या. नाव पुकारलं गेलं आणि सगळी गिरणी टाळ्या वाजवायला लागली. एरवी अर्धा कप उधार न देणारा मी, त्या दिवशी अख्ख्या पाळीला फुकट चहा पाजला. मला रडू येत होतं आणि ते लपवायला काही तरी काम पाहिजे होतं.

गर्दी पाहून आप्पासाहेब बाहेर आले. हसत म्हणाले, "चला भगवानराव, झालं गेलं गंगेला मिळालं. चोरी झालीच नव्हती म्हणायची."

"झालती की, साहेब," अण्णा शांतपणे म्हणाले. "माझं दिवस चोरीला गेलते. आज मुद्देमाल घावला."

त्यांनी सगळे पैसे कौसाबाईंच्या ओच्यात घातले आणि आप्पासाहेबांपुढं हात केला. "आता गोदामाची किल्ली द्या."