कॉलरीतली पिन

ताया बेल्यायेवा हवाबंद पोशाख शिवायची. मॉस्कोजवळच्या त्या कारखान्याला नाव नव्हतं, नुसता नंबर होता. हा पोशाख घालून माणूस अवकाशात जाणार, हे उघडपणे कुणी बोलत नसे. पण त्याचं माप सगळ्या पोरींना पाठ होतं. "एवढासाच माणूस? त्यापेक्षा माझी सासू पाठवा की," शेजारची ल्युस्या म्हणायची.

१९६१च्या फेब्रुवारीत तायाने एक पोशाख पुरा केला आणि वरच्या केशरी कापडाच्या कॉलरीत, अस्तराआड, एक सेफ्टी पिन लावून टाकली. डोकं खाली. दृष्ट लागू नये म्हणून. युद्धावर निघालेल्या तायाच्या दोन्ही भावांच्या सदऱ्यात आईने अशीच लावली होती. एक परत आला होता. तायाला तेवढं पुरे होतं.

दुसऱ्या दिवशी जेवताना तपासनीस सहज म्हणाला, "उद्या हवा भरायची. आत जिवंत माणूस बसेल."

तायाचा चमचा कोबीच्या सुपात तसाच राहिला. हवा भरली की पोशाख फुगतो, कापड ताणतं. पिन उघडली तर थेट खालच्या रबरात शिरेल. बोलावं तर घातपाताचा आरोप. गप्प बसावं तर आतला माणूस.

सकाळी साडेसहाला ती मुकादमीणबाईंपुढे उभी राहिली.

"रिम्मा अर्काद्येव्ना, मला तुरुंगात घाला. पण आधी तो पोशाख उसवा."

"सकाळी सकाळीच घेतलीस की काय?"

"कॉलरीत पिन आहे. मी लावली. दृष्ट लागू नये म्हणून."

रिम्माबाई पांढऱ्याफटक पडल्या. "कुठल्या बाजूला, गाढवे?"

"डाव्या."

"कुणाला बोललीस?"

"आईलासुद्धा नाही."

बाईंनी दार लावून घेतलं. टाके उसवले, पिन काढली, खिशात टाकली. मग पोशाख फिरवला आणि उजवीकडचेही टाके उसवायला घेतले. चाचपून न बघता, नेमक्या जागी. तिथूनही एक पिन निघाली.

"बघतेस काय? सुई ओव. आठला तपासणीवाले येतील."

दोघी शिवायला बसल्या. तायाला दोरा तीनदा ओवावा लागला.

दुपारी कळलं, आतला माणूस आपल्या पायांनी चालत बाहेर आला.

त्यानंतर दोघी कामापुरतंच बोलत राहिल्या. दुसरीला पकडून देणं आता दोघींच्याही हातात होतं.